गटार झालं, शेड राहिली

मीरा रोडला आमच्या गल्लीच्या टोकाशी महापालिकेचं एक छोटं मैदान आहे. तीन पावसाळ्यांपूर्वी गल्लीतल्या गटाराचं काम निघालं तेव्हा ठेकेदाराने मैदानाच्या कोपऱ्यात निळ्या पत्र्यांची शेड ठोकली. सिमेंटच्या गोणी, सळया, मिक्सर, रात्री झोपायला चार मजूर. कोणी हरकत घेतली नाही, काम आपल्याच गल्लीचं होतं. गटार झालं, झाकणं बसली, शेड राहिली. पुढच्या वर्षी शेडला विजेचा मीटर लागला. त्याच्या पुढच्या वर्षी भलत्याच कुठल्या कामाचे पेव्हर ब्लॉक येऊन पडले आणि मुलांची क्रिकेटची पिच, जी आडवी होती, ती उभी झाली, तीही अर्धी. सोसायटीचे सेक्रेटरी शेडवरच्या माणसाला विचारायला गेले. उत्तर मिळालं, "साहेबांनी सांगितलंय." कुठल्या साहेबांनी, ते काही त्याने सांगितलं नाही.

मी वकिली करतो. या "साहेबांनी सांगितलंय"वर उभ्या असलेल्या शेडी, गोदामं, पे अँड पार्क आणि नर्सरी मी बऱ्याच पाहिल्या आहेत. दोन्ही बाजूंचे लोक सल्ल्याला येतात, शेडीसमोर राहणारेही आणि शेड ठोकणारेही. दोघांची चूक बहुतेक वेळा एकच असते. सार्वजनिक जागेवर ठेकेदाराला मिळतो तो वापर, तोही नेमून दिलेल्या कामापुरता. ताबा त्याला कधीच मिळत नाही. रहिवासी वापरालाच ताबा समजून गप्प बसतात, आणि ठेकेदार ताबा समजून बसून राहतात.

भांडायला निघण्याआधी जागा कोणाची ते शोधा. मीरा-भाईंदरमध्ये हे वाटतं तितकं सोपं नाही. हे शहर ग्रामपंचायती जोडून झालं. १९८५ मध्ये नगरपरिषद आली आणि २८ फेब्रुवारी २००२ ला महापालिका. त्यामुळे एकाच रस्त्याच्या दोन बाजूंना महापालिकेची, जिल्हाधिकाऱ्यांची, मिठागराची, रेल्वेची आणि खाजगी मालकाची जमीन शेजारी शेजारी पडलेली असते. सर्व्हे नंबरही जुना वेगळा, नवा वेगळा. अर्जात एकच नंबर घातला की "सदर क्रमांकाची जागा आढळून येत नाही" असं उत्तर येतं आणि महिना फुकट जातो. दोन्ही नंबर लिहा. सातबारा ऑनलाइन निघतो. विकास आराखड्यावर त्या जागेला काय दाखवलंय ते नगररचना विभागातून घ्या. एक फसगत नेहमी होते. आराखड्यात खेळाच्या मैदानाचं आरक्षण आहे म्हणजे जागा महापालिकेची झाली, असं लोक धरून चालतात. आरक्षण पडलं पण संपादन झालंच नाही, तर सातबारावर अजून मूळ मालकच असतो. त्याने स्वतःच ठेकेदाराला जागा भाड्याने दिली असेल, तर तुमचा मुद्दा अतिक्रमणाचा राहत नाही, वापराचा होतो, आणि वाट नगररचना कायद्याची धरावी लागते.

मालक बदलला की कायदा बदलतो. महापालिकेच्या मिळकतीला महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियम १९४९ मधली कलम ८१अ पासूनची कलमं लागतात. राज्य सरकारच्या इमारतींसाठी १९५५ चा निष्कासनाचा कायदा आहे, सरकारी जमिनीवरच्या अतिक्रमणाला जमीन महसूल संहितेचं कलम ५०. रेल्वे किंवा केंद्राची मिळकत असेल तर १९७१ चा सार्वजनिक जागांचा कायदा, आणि तिथे महापालिकेकडे अर्ज करणं म्हणजे शेजाऱ्याच्या दाराची कडी वाजवणं. खाडीकडेला कांदळवनात राडारोडा टाकला जात असेल तर मुंबई उच्च न्यायालयाचा १७ सप्टेंबर २०१८ चा निकाल हाताशी ठेवा. कांदळवनाभोवतीच्या ५० मीटरच्या पट्ट्यातही बांधकाम आणि भराव चालत नाही. ठेकेदाराच्या हातातला कार्यादेश कोणत्याही खात्याचा असला तरी तिथे तो ढाल होत नाही.

जागा महापालिकेची निघाली असं धरू. आता कागद मागायचे. माहिती अधिकारात दहा रुपयांचा अर्ज, विषय एकच, शब्द दीडशेच्या आत. आपल्याकडचा नियमच तसा आहे. अर्जात "का", "कसे", "जबाबदार कोण" असं विचारू नका. त्याला कोणी उत्तर देत नाही आणि कायद्याने देण्याची सक्तीही नाही. कागद मागा. त्या कामाचा कार्यादेश म्हणजे वर्क ऑर्डर, सोबतचा नकाशा, साहित्य ठेवण्यासाठी जागा वापरायला दिल्याचं पत्र, त्यापोटी भाडं आकारलं असेल तर त्याची पावती, मुदतवाढीची पत्रं, काम पूर्ण झाल्याचा दाखला आणि अंतिम देयकाची तारीख. खाली एक ओळ न विसरता घाला: "मूळ नस्तीची पाहणी करू द्यावी." खरी मजा पाहणीत असते. मोजमाप पुस्तिकेत काम कोणत्या तारखेला संपलं ते लिहिलेलं असतं आणि मागच्या पानांवर टिपण्यांमध्ये कुणीतरी कनिष्ठ अभियंत्याने "साहित्य अद्याप उचललेले नाही" असा शेरा मारून ठेवलेला असतो. हा एक शेरा तुमच्या पन्नास सह्यांच्या निवेदनाला भारी पडतो.

तीस दिवसांत उत्तर आलं नाही तर पुढच्या तीस दिवसांत पहिलं अपील, आणि मग राज्य माहिती आयोगाचं कोकण खंडपीठ. तिथे वेळ लागतो, हे आधीच सांगतो. पण बरेचदा पहिल्याच फेरीत एक उत्तर येतं, ज्यावर अर्जदार चिडतात: "या कार्यालयाच्या अभिलेखात अशी परवानगी आढळून येत नाही." चिडू नका, हे उत्तर लॅमिनेट करून ठेवा. परवानगीच नाही, असं महापालिकेने स्वतःच्या सहीशिक्क्याने लिहून दिलंय. १९४९ च्या कायद्यात महापालिकेचे करार कोणी आणि कोणत्या रीतीने करायचे ते ठरवून दिलं आहे. त्या रीतीने न झालेला करार महापालिकेला बांधत नाही. अभियंत्याने साइटवर उभं राहून हात दाखवत दिलेली परवानगी त्यात कुठेच बसत नाही.

परवानगी निघालीच, तर ती कोणी दिली ते वाचा. मिळकत लीजवर द्यायची तर कलम ७९ प्रमाणे मोबदला चालू बाजारभावापेक्षा कमी ठेवता येत नाही, आणि मुदत लांबली की स्थायी समितीची किंवा महासभेची मंजुरी लागते. २०२२ च्या ऑगस्टमध्ये नगरसेवकांची मुदत संपली. त्यानंतरच्या प्रशासकीय काळात हे सगळे अधिकार एकाच टेबलावर होते. त्या काळातली परवानगी असेल तर "प्रशासकीय ठराव क्रमांक आणि दिनांक" असं नेमकं मागा. "महासभेचा ठराव द्या" म्हणाल तर "निरंक" येईल आणि तुम्हाला वाटेल ठरावच नाही.

कागद हाती आले की तक्रार एकाच पानाची करा. प्रभाग अधिकाऱ्यांच्या नावे, प्रत भाईंदर पश्चिमेच्या मुख्यालयात आयुक्तांना. आवक शिक्का मारलेली पोच घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका. शेड रस्त्यावर किंवा फुटपाथवर असेल तर काम सोपं असतं. रस्त्यावर मांडलेली, ठेवलेली वस्तू नोटिशीविना उचलायचा अधिकार कलम २३१ ने आयुक्तांना दिलाय. शेड मैदानात, बागेत किंवा समाजमंदिरात असेल तर कलम ८१ब. दोन महिन्यांहून जास्त भाडं थकवलं, परवानगीविना पोटभाडेकरू ठेवला, अटी मोडल्या, मुळात हक्कच नसताना जागा धरली किंवा जागा लोकहितासाठी हवी आहे, अशी कारणं तिथे मोजून दिली आहेत. त्यातलं तुमच्या प्रकरणाला लागणारं कारण नाव घेऊन लिहा. "अनधिकृत शेड हटवावी" एवढंच लिहिलेला अर्ज अतिक्रमण विभागाकडून बांधकामकडे, बांधकामकडून उद्यानकडे फिरतो, आणि प्रत्येक टेबलावर त्याचा एकेक आठवडा जातो.

पोलिसांकडे गेलात तर "ही दिवाणी बाब आहे" ऐकून परत याल. वाट खरोखरच अडली असेल तर भारतीय न्याय संहितेचं कलम २८५ आहे, आणि सार्वजनिक उपद्रव हटवण्याचा सशर्त आदेश कार्यकारी दंडाधिकारी नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १५२ खाली काढू शकतात. पूर्वीचं कलम १३३ ते हेच. महापालिकेच्या लोकशाही दिनाचाही उपयोग होतो. पंधरा दिवस आधी अर्ज द्यावा लागतो. कोर्टात असलेला विषय तिथे घेत नाहीत, म्हणून लोकशाही दिन आधी आणि दावा नंतर.

आता शेडीच्या आतल्या माणसाबद्दल. ठेकेदार जागा सोडत नाही ती सगळीकडे हावरटपणाने नाही. दहातल्या सहा-सात प्रकरणांत, माझ्या पाहण्यात, शेवटचं बिल अडकलेलं असतं, अनामत रक्कम परत मिळालेली नसते, आणि सामान उचललं की महापालिका ओळखही देणार नाही अशी त्याला धास्ती असते. शेड हे त्याच्या लेखी तारण असतं. कायद्याच्या लेखी ते काहीच नसतं. करारात स्पष्ट लिहिलेलं नसेल तर थकलेल्या बिलासाठी सार्वजनिक जागा अडवून धरायचा हक्क ठेकेदाराला नाही. उलट काम संपल्यानंतरच्या प्रत्येक दिवसाचं जागा वापरल्याचं नुकसान महापालिका लावू शकते, आणि ते मालमत्ता कराच्या थकबाकीसारखं वसूल करू शकते. बिल राहतं बाजूला, वर हा आकडा चढतो.

लंडनच्या हाउन्स्लो भागातल्या नगर परिषदेने १९७० च्या सुमारास घरबांधणीच्या कामावरून ठेकेदाराला काढलं. काम रखडवतोय असा ठपका होता. ठेकेदार म्हणाला, ठपकाच चुकीचा आहे, मी साइट सोडत नाही. परिषद कोर्टात गेली आणि न्यायमूर्ती मेगरींनी तातडीचा मनाई हुकूम नाकारला. करार नीट संपला की नाही हेच वादात असताना त्याला बाहेर कसं काढू, असं त्यांचं म्हणणं पडलं. काही ठेकेदारांचे वकील हा निकाल अजूनही पुढे करतात. त्यांच्या भरवशावर राहू नका. न्यूझीलंडच्या कोर्टाने दोनच वर्षांत तो मानायला नकार दिला. आपल्याकडे तर विशिष्ट अनुतोष कायद्यात २०१८ मध्ये दुरुस्ती झाली. पायाभूत सुविधांचा प्रकल्प अडेल किंवा लांबेल असा मनाई हुकूम आता कोर्ट देत नाही. रस्ता, पाणी, मलनिःसारण, सगळं त्या यादीत आहे. करार चुकीचा रद्द केला असेल तर भरपाई मागा, ती मिळते. जागा मिळत नाही.

म्हणून ठेकेदार मंडळींना माझा सल्ला असा की काम संपण्याच्या आठवडाभर आधीच संयुक्त पाहणीचं पत्र द्या. पाहणीला अभियंता आला नाही तरी दोन पंचांसमोर पंचनामा करा, फोटो काढा, मोजमापं लिहा, साहित्याची यादी करा आणि जागा रिकामी केल्याचं पत्र आवक शिक्क्याने द्या. बिलाचा हक्क त्या कागदात राहतो, पत्र्यात नाही. मजुरांच्या झोपड्यांचंही तसंच. १९९६ च्या बांधकाम कामगार कायद्याचं कलम ३४ मजुरांना साइटवर किंवा जवळ फुकट तात्पुरता निवारा द्यायला सांगत होतं. त्यासाठी नगरपालिकेने जागा दिली असेल तर काम संपताच ती घेतली तशीच परत करायची, हेही त्याच कलमात लिहिलेलं होतं. २१ नोव्हेंबर २०२५ पासून नव्या श्रम संहिता लागू झाल्यात, पण जुन्या कार्यादेशांच्या अटींत हा कायदा नावानिशी सापडतो. तो तुमच्यावर बंधनकारक आहे हे विसरू नका. रहिवाशांनी विसरू नये ते वेगळं: निवारा मागणं हा मजुरांचा हक्क होता. तक्रार करताना "झोपडपट्टी होतेय" असं लिहायची गरज नाही.

नोटीस आली की दोन गोष्टी टाळा, गप्प बसणं आणि धावत दिवाणी कोर्टात जाणं. ८१ब च्या नोटिशीला लेखी उत्तर द्या आणि सुनावणी मागा. आदेश विरोधात गेला तर अपील जिल्हा न्यायाधीशांकडे, म्हणजे ठाण्याला. मुदत थोडी असते, तेव्हा आदेश हाती पडला त्या दिवसापासून मोजायला लागा. मार्च २०२५ मध्ये मीरा रोडला न्यायालय सुरू झालं, त्यामुळे बऱ्याच जणांना वाटतं आता सगळं इथेच होईल. हे अपील इथे होत नाही. पैशाच्या दाव्याआधी महापालिकेला कलम ४८७ ची एक महिन्याची नोटीस द्या. करारभंगाला ती लागते की नाही यावर वकील भांडतात, तुम्ही त्यात पडू नका, देऊन मोकळे व्हा. करारात "आयुक्त किंवा ते नेमतील ती व्यक्ती लवाद" असं कलम असेल तर घाबरून जायचं कारण नाही. एका पक्षाने एकट्याने लवाद नेमणं चालत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये सांगितलं आणि नोव्हेंबर २०२४ मध्ये घटनापीठाने सार्वजनिक संस्थांच्या करारांबाबत पक्कं केलं.

बांधकामाच्या ठेक्यापेक्षा चालवायला दिलेल्या मिळकती जास्त चिवट. तरणतलाव, हॉल, व्यायामशाळा, बाग, वाहनतळ. इथे ठेकेदार पाच-दहा वर्षं गल्ल्यावर बसतो, रंगरंगोटी करतो, कॅन्टीन काढतो, एखादा मजलाही चढवतो, आणि मुदत संपली की म्हणतो, मी भाडेकरू. भाडे नियंत्रण कायदा १९९९ स्थानिक संस्थेच्या मिळकतीला लागूच नाही, ते दार बंद. पण आणखी दोन दारं आहेत. करारावर "परवाना" लिहिलं म्हणून तो परवाना ठरत नाही. दिल्लीच्या इम्पीरियल हॉटेलातल्या केशकर्तनालयाच्या खटल्यात १९५९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कागदावरचं नाव बाजूला ठेवून प्रत्यक्ष ताबा कोणाकडे ते पाहिलं आणि तो भाडेपट्टा ठरवला. तेव्हा करारात कुलपाची एक किल्ली महापालिकेकडे राहील असं लिहा, आणि ती खरोखर राहू द्या. दुसरं दार १८८२ च्या सुविधाधिकार कायद्यातलं. परवान्याच्या भरवशावर स्वखर्चाने कायमचं बांधकाम केलं तर कलम ६० प्रमाणे परवाना मागे घेता येत नाही. लखनौच्या एका इंटर कॉलेजला १९८७ मध्ये सर्वोच्च न्यायालयात याच कलमाने जागा टिकवता आली. म्हणून करारात एक वाक्य हवंच: आयुक्तांच्या लेखी मंजुरीविना कायमचं बांधकाम नाही, आणि झालंच तर ते पहिल्या दिवसापासून महापालिकेच्या मालकीचं, भरपाईविना. निविदा प्रसिद्ध होते तेव्हा हे वाक्य आहे का ते रहिवाशांनी वाचावं. वाचत कोणी नाही, हा माझा अनुभव.

मालकाने दिलेली परवानगी पुरेशी असते, हा समज किती महागात पडतो ते १३ मे २०२४ ला घाटकोपरला दिसलं. छेडानगरच्या पेट्रोल पंपावर १२० फूट लांबरुंद फलक कोसळून १७ माणसं गेली. जागा रेल्वे पोलिसांची, परवानगी त्यांची, आणि मुंबई महापालिका ४० फुटांच्या वर कोणाला परवानगी देत नाही. मालकाचा होकार आणि नियोजन यंत्रणेचा होकार हे दोन वेगळे कागद आहेत. माहिती अधिकारात दोन्ही मागा.

सगळं थकलं तर उच्च न्यायालयात जनहित याचिका. तिथे लखनौचंच दुसरं प्रकरण तुमच्या कामाचं. अमीनाबादच्या झंडेवाला पार्कखाली नगर महापालिकेने निविदा न काढता एका बिल्डरला भूमिगत बाजार बांधू दिला. बरंच बांधकाम झाल्यावर, १९९९ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने त्यातला बराचसा भाग तोडून तिथे पार्क पूर्ववत करायला लावला. पैसे घातले, आता राहू द्या, हे ऐकलं गेलं नाही. पण याचिकेत आधीच्या अर्जांच्या पोच लागतात. शिक्के नसतील तर पहिल्याच तारखेला "आधी महापालिकेकडे जा" म्हणून परत पाठवतात.

आमच्या गल्लीतल्या शेडीचं म्हणाल, तर माहिती अधिकारात "परवानगी आढळून येत नाही" आलं. ते जोडून सेक्रेटरींनी एक पान लिहिलं, चौथ्या आठवड्यात पथक आलं. ठेकेदाराचा माणूस आधीच टेम्पो घेऊन हजर होता. त्याचं बिल, म्हणे, मार्चमध्ये निघालं होतं, सामान न्यायला सवड झाली नव्हती. पत्रे गेले, ब्लॉक गेले. कोपऱ्यात काँक्रीटचा ओटा राहिलाय आणि खांबावर मीटरची रिकामी पेटी. मीटर कोणाच्या नावावर, कोणत्या ना-हरकतीवर बसला, ते विचारणारा दुसरा अर्ज मी टाकलाय. तीस दिवस येत्या मंगळवारी भरतात.